ट्रे आत गेला की संध्याकाळ माझी

परदेशात राहायला आले तेव्हा भाड्याच्या घरात शेगडीच्या खाली एक भलामोठा ओव्हन होता. पहिले कित्येक महिने मी त्यात कढया आणि जास्तीची झाकणं ठेवत होते. ओव्हन लागतो तो केकसाठी, अशी माझी पक्की समजूत. संध्याकाळी कामावरून घरी आले की अर्धा-पाऊण तास उभं राहून काही ढवळायचं त्राण नसायचं. मग टोस्ट आणि दूध. फोनवर आई विचारायची, "जेवलीस का?" आणि मी "हो" म्हणायचे. ते "हो" मला फार टोचायचं.

माझ्याबरोबर राहणारी मैत्रीण वीगन आहे. दूध, तूप, मध यातलं काही ती खात नाही. एका संध्याकाळी तिने ओव्हनमधल्या माझ्या कढया बाहेर काढल्या, एका ट्रेमध्ये बटाटे, गाजरं, कांदे आणि काबुली चणे तेलमीठ लावून पसरले, ट्रे आत सरकवला आणि ती अंघोळीला निघून गेली. चाळीस मिनिटांनी जे बाहेर आलं ते दोघींचं पोटभर जेवण होतं. त्या दिवसापासून कढयांना दुसरी जागा मिळाली.

माझे पहिले ट्रे मात्र फसले. भाजी शिजायची, पण लिबलिबीत आणि फिकी. कारण समजायला वेळ लागला. भाजीत भरपूर पाणी असतं आणि ते पाणी आहे तोवर तिचं तापमान 100 अंशांच्या वर फारसं जात नाही. वरचा थर कोरडा झाला की मगच तिथली उष्णता वाढते, आणि साधारण 140 अंशांच्या पुढे तो खरपूस रंग आणि वास यायला लागतो. मी ट्रे काठोकाठ भरत होते, त्यामुळे एकीची वाफ दुसरीला लागत होती. भाजी भाजली जातच नव्हती, वाफवली जात होती. तेव्हा फोडी एकाच थरात पसरा, मध्ये थोडा ट्रे दिसू द्या. भाजी जास्त असेल तर दोन ट्रे घ्या. धुतलेली भाजी फडक्याने कोरडी करा. एवढं केलं तरी निम्मं काम झालं.

तापमान 200 ते 220 अंश सेल्सिअस. ओव्हनवर फॅरनहाइटचे आकडे असतील तर 400 ते 425. आत पंखा फिरणारा ओव्हन असेल तर 20 अंश कमी ठेवायचे, कारण खेळती हवा भाजी लवकर सुकवते. आणि ओव्हनच्या बटणावर फार विसंबू नका. मी आत टांगायचा छोटा तापमापक आणला तेव्हा कळलं की आमचा ओव्हन 200 वर ठेवला तर प्रत्यक्षात 175 पर्यंतच जातो. कृतीत लिहिलेल्या वेळेत माझं काहीच का होत नव्हतं, ते त्या दिवशी उलगडलं.

आता आमचा नेहमीचा ट्रे सांगते, दोघींपुरता. दोन मोठे बटाटे, साधारण दोन सेंटिमीटरच्या फोडी. अर्ध्या फ्लॉवरचे तुरे. एक कांदा जाडसर चिरून. काबुली चण्यांचा 400 ग्रॅमचा एक डबा. निथळल्यावर त्यात 240 ग्रॅमच्या आसपास चणे उरतात. दोन-तीन मोठे चमचे तेल, मीठ, जिरेपूड, तिखट. सगळं एकदम आत घालायचं नाही. बटाट्याला वेळ लागतो, म्हणून तो पंधरा मिनिटं आधी. मग बाकीचं घालून आणखी पंचवीस मिनिटं, मध्ये एकदा उलथण्याने परतून. चणे अगदी कोरडे करून घेतले तर बाहेरून कुरकुरीत होतात. लसूण बारीक चिरून सुरुवातीलाच घातला तर करपून कडू होतो, त्यामुळे पाकळ्या सालासकट टाका. आतला गर लोण्यासारखा मऊ होतो आणि बोटाने दाबला की बाहेर येतो. पालक किंवा कुठलीही कोवळी पालेभाजी शेवटच्या तीन-चार मिनिटांत.

बाहेर काढल्यावर लिंबू पिळायला विसरू नका. भाजलेल्या भाजीत गोडवा उतरतो, त्याला आंबटाची जोड लागतेच. आम्ही वरून तिळाची पेस्ट लिंबाच्या रसात आणि पाण्यात फेटून ओततो. पाणी घातल्यावर ती आधी घट्ट होते, घाबरू नका, थोडं थोडं पाणी घालत राहिलं की सैल आणि पांढरी होते. दूध-दही चालत असेल त्यांनी लसूण घातलेलं दही घ्यावं, किंवा चीजचे तुकडे शेवटची दहा मिनिटं ट्रेमध्ये टाकावेत. माझ्या अर्ध्या ट्रेवर चीज, तिच्या अर्ध्यावर भाजलेले काजू, असं आमचं बऱ्याचदा चालतं.

बटाटा सोनेरी झाला की काढा, काळपट होईपर्यंत थांबू नका. पिष्टमय पदार्थ जास्त तापमानाला भाजले की त्यांत अ‍ॅक्रिलामाइड नावाचं, प्रकृतीला हानिकारक मानलं जाणारं रसायन तयार होतं, हे 2002 साली स्वीडनमधल्या संशोधकांनी दाखवून दिलं. रंग जितका गडद, तितकं ते जास्त.

टोफू, म्हणजे सोयाबीनच्या दुधाचं पनीर, मला आधी मुळीच आवडत नव्हता. आता आवडतो, कारण तो फडक्यात गुंडाळून वर वजन ठेवून त्यातलं पाणी काढायचं हे समजलं. मग चौकोनी तुकडे, थोडं तेल, सोया सॉस, एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर, आणि 200 अंशांवर पंचवीस-तीस मिनिटं. शेजारी ढोबळी मिरची आणि ब्रोकोली.

रस्सेदार काही हवं असेल त्या दिवशी खोलगट काचेचं भांडं. टोमॅटो, कांदा, लसूण, तेल आणि शिजवलेला राजमा, 200 अंशांवर पस्तीस-चाळीस मिनिटं. टोमॅटो फुटून त्यांचाच दाट रस्सा होतो. राजमा शिजवलेलाच हवा. भिजवलेला कच्चा राजमा थेट ओव्हनमध्ये घालू नका. त्यातलं विषारी द्रव्य नष्ट व्हायला तो आधी निदान दहा मिनिटं खळाळून उकळावा लागतो. या भांड्यात बटाटेही घालायचे असतील तर आधी उकडून घ्या, आंबटामुळे बटाटा मऊ व्हायला फार वेळ लागतो. टोमॅटो अ‍ॅल्युमिनियमच्या फॉइलवरही भाजू नयेत, आंबट रस फॉइल खातो.

काचेच्या भांड्याचं एक सांगायलाच हवं. मी एकदा सकाळीच सगळं चिरून, भांडं फ्रीजमध्ये ठेवून गेले आणि संध्याकाळी ते गारेगार भांडं तसंच तापलेल्या ओव्हनमध्ये सरकवलं. काही मिनिटांत मोठा आवाज झाला आणि भांड्याचे तुकडे. हाताला काही लागलं नाही हे नशीब, पण जेवण गेलं आणि काचा वेचण्यात रात्र गेली. भांडं आधी बाहेर काढून खोलीच्या तापमानाला येऊ द्या.

भातही ओव्हनमध्ये होतो. एक वाटी धुतलेला पांढरा तांदूळ, परतलेला कांदा, मटार, मीठ, दीड ते पावणेदोन वाटी उकळतं पाणी किंवा निम्मं नारळाचं दूध. पाणी उकळतंच हवं, नाहीतर वेळ जास्त लागतो. वर फॉइल घट्ट लावायचं, 200 अंशांवर पंचवीस-तीस मिनिटं, आणि बाहेर काढून दहा मिनिटं झाकण उघडायचं नाही. उरलेला भात तासाभरात फ्रीजमध्ये ठेवा, रात्रभर ओट्यावर राहू देऊ नका.

या सगळ्यात माझं हाताचं काम पंधरा मिनिटांचं. बाकीची चाळीस मिनिटं मी खिडकीशी बसून घरी फोन करते. आई आता "जेवलीस का" विचारत नाही, "आज ट्रेमध्ये काय" असं विचारते. मग मी फोन ओव्हनच्या काचेसमोर धरते आणि आतल्या पिवळ्या उजेडात तेल तडतडताना तिला दिसतं.

तिने परवा घरच्या ओटीजीत हे करून पाहिलं आणि वरून करपलं, आत कच्चं राहिलं. लहान ओव्हनमध्ये तापलेल्या सळ्या भाजीच्या फार जवळ असतात. त्यामुळे जाळी मधल्या खाचेत, वरच्या-खालच्या दोन्ही सळ्या चालू, तापमान 190, फोडी थोड्या लहान, आणि वरून रंग लवकर आला तर फॉइल सैलसर झाकायचं. ट्रेच्या चारी बाजूंनी हवा खेळायला जागा हवी. एका वेळी दोघांपुरतंच घ्या. आई रविवारी पुन्हा लावणार आहे, या वेळी रताळं आणि गाजर.