गेम डिलीट केला तरी पैसे जातच राहतात, आधी सबस्क्रिप्शन बंद करा

मोबाइलमधून गेम काढून टाकला की त्याचे पैसे कापायचे थांबतात असं समजणारे लोक माझ्या आजूबाजूला इतके आहेत की आता हे एकदा नीट लिहूनच टाकते. थांबत नाहीत. गेम अनइन्स्टॉल केला, गेममधला स्वतःचा अकाउंट उडवला, अगदी फोन बदलला तरी सबस्क्रिप्शन चालूच राहतं, कारण ते त्या गेममध्ये नसतंच मुळी, ते असतं तुमच्या प्ले स्टोअरच्या किंवा ॲपलच्या खात्यावर, आणि त्या खात्याला जोडलेल्या कार्डावर नाहीतर यूपीआयवर. आठ दिवस गावाला जाताना आपण घराला कुलूप लावतो तरी दूधवाल्याला वेगळं सांगून जातो की पिशव्या टाकू नका, तसंच हे वेगळं सांगावं लागतं.

हे सगळं डोक्यात इतकं बसलंय ते आमच्या सोसायटीतल्या एका काकूंमुळे. कोथरूडमधली जुनी सोसायटी, अर्धे लोक रिटायर्ड, मुलं बंगळुरूला नाहीतर बाहेरच्या देशात. काकूंना दुपारी पत्ते जुळवायचा एक गेम खेळायला आवडायचं, त्यात मध्येमध्ये येणाऱ्या जाहिरातींचा वैताग यायचा म्हणून त्यांनी जाहिराती बंद करायचं बटण दाबलं. पहिले ३ दिवस फ्री, पुढे दर आठवड्याला पैसे. ते पुढचं वाक्य बटणाच्या खाली फिकट करड्या अक्षरात, तेही इंग्रजीत. पासबुक भरून आणलं तेव्हा पेन्शनच्या खात्यातून दर आठवड्याला तीच रक्कम गेलेली दिसली. बँकेत विचारलं तर तुम्हीच परवानगी दिलीय म्हणाले, आणि काकू मला म्हणाल्या, "अगं, मी तो गेम गणपतीतच काढून टाकला, फोनमध्ये जागा नव्हती, आरतीचे व्हिडिओ मावेनात." त्यांना वाटत होतं कोणीतरी खातं हॅक केलंय, आणि त्याहून वाईट म्हणजे मुलाला कळलं तर तो फोनच काढून घेईल या भीतीने त्या कोणाला बोलत नव्हत्या. मला याचंच जास्त वाईट वाटतं. पैसे जातात ते जातातच, पण माणूस स्वतःलाच दोष देत गप्प बसतो.

आता गंमत अशी की काकूंच्या प्ले स्टोअरमध्ये बघितलं तर सबस्क्रिप्शन्सची यादी रिकामी. काहीच नाही! इथे बरेच जण हात टेकतात. पण फोनमध्ये दोन जीमेल होते, एक त्यांचा आणि एक मुलाने फोन घेऊन दिला तेव्हा घाईत बनवलेला, आणि सबस्क्रिप्शन त्या दुसऱ्यावर होतं. यादी रिकामी दिसली तर आधी वर उजव्या कोपऱ्यातला गोल फोटो दाबून खातं बदलून बघा. कुठलं खातं ते आठवतच नसेल तर प्रत्येक जीमेलमध्ये पावतीचा मेल शोधा, प्ले स्टोअरच्या पावतीवर ऑर्डर नंबर असतो तो जीपीए या इंग्रजी अक्षरांनी सुरू होतो, तेवढं सर्च केलं तरी सापडतं. पावती ज्या पत्त्यावर आलीय त्याच खात्यावर ते सबस्क्रिप्शन आहे.

बंद करायची पद्धत खरं तर अवघड नाही. अँड्रॉइडवर प्ले स्टोअर उघडायचं, तो गोल फोटो दाबायचा, पेमेंट्स अँड सबस्क्रिप्शन्समध्ये जायचं, तिथे सबस्क्रिप्शन्स, मग त्या गेमचं नाव, खाली कॅन्सल सबस्क्रिप्शन. कारण विचारतात, काहीही निवडा. काही वेळा मध्येच पॉज करायचा पर्याय देतात, तो घेऊ नका, पॉज म्हणजे काही दिवसांनी परत सुरू. आयफोनवर सेटिंग्ज, सगळ्यात वर आपलं नाव, मग सबस्क्रिप्शन्स, तिथून कॅन्सल. फोन हरवला किंवा विकला असेल तरी काही अडत नाही, कॉम्प्युटरवर ब्राउझरमध्ये त्याच खात्याने प्ले स्टोअर उघडून बंद करता येतं, गेम परत डाउनलोड करायची गरज नाही.

बंद झालं हे कसं ओळखायचं तर त्या नावाखाली अमुक तारखेला संपणार असं दिसतं आणि परत सुरू करायचं बटण येतं, शिवाय मेलही येतो. तो मेल बघितल्याशिवाय फोन खाली ठेवू नका, कारण बरेच लोक शेवटच्या स्क्रीनवरचं कन्फर्म न दाबताच बाहेर येतात. आणि एक, भरलेल्या पैशांची मुदत संपेपर्यंत सहसा गेममधल्या सोयी चालूच राहतात, त्यामुळे शेवटच्या दिवसापर्यंत थांबायचं काही कारण नाही, आजच बंद केलं तरी तुमचं काही जात नाही. फ्री ट्रायल मात्र ॲपलवर असेल तर ती संपायच्या किमान २४ तास आधी बंद करावी लागते, नाहीतर पहिला हप्ता गेलाच समजा. मी तर सगळ्यांना सांगते की ट्रायल घ्यायचीच असेल तर घेतल्या घेतल्या, त्याच दिवशी कॅन्सल करायची. काही ट्रायल कॅन्सल केल्यावर लगेच बंद पडतात, पडू देत.

ओटीपीचं बोलते. "मी ओटीपी दिलाच नाही मग पैसे गेले कसे" हा प्रश्न मला सगळ्यात जास्त वेळा ऐकायला मिळतो आणि तो अगदी रास्त आहे, कारण आपल्याला वर्षानुवर्षं हेच शिकवलंय की ओटीपी दिला नाही तर पैसे सुरक्षित. पण दर महिन्याच्या किंवा आठवड्याच्या ठरलेल्या वसुलीला वेगळा नियम आहे. रिझर्व्ह बँकेने ई-मॅन्डेटचा, म्हणजे खात्यातून आपोआप पैसे कापायला आपण एकदाच देतो त्या परवानगीचा, नियम २०१९ मध्ये आणला, १ ऑक्टोबर २०२१ पासून तो कडकपणे लागू झाला. पहिल्यांदा परवानगी देताना ओटीपी किंवा यूपीआयचा पिन लागतो, त्यानंतरच्या वसुलीला १५ हजार रुपयांपर्यंत काहीच लागत नाही. आधी ही मर्यादा ५ हजार होती, जून २०२२ मध्ये वाढवली. यूपीआय ऑटोपे, म्हणजे यूपीआयवरून अशीच आपोआप वसुली, जुलै २०२० मध्ये आलं, त्यातही पिन एकदाच. म्हणून १ किंवा २ रुपयांच्या ट्रायलला पिन टाकताना आपण २ रुपये देत नसतो, पुढच्या सगळ्या वसुलीवर सही करत असतो, पिन टाकायच्या आधी त्या स्क्रीनवर रक्कम किती, किती दिवसांनी आणि कधीपर्यंत हे लिहिलेलं असतं ते वाचा, थांबा, घाई कसली आहे?

याच नियमात आपल्या बाजूची गोष्टही आहे, ती मात्र कोणी सांगत नाही. पैसे कापायच्या किमान २४ तास आधी बँकेने कळवलं पाहिजे, आणि त्याच सूचनेवरून ती एक वसुली किंवा अख्खं मॅन्डेट नाकारायची सोय दिली पाहिजे. म्हणजे इशारा येत असतो. काकूंच्या फोनमध्येही ते मेसेज होते, दर आठवड्याला, लोनच्या आणि साडीच्या सेलच्या मेसेजच्या ढिगाऱ्यात. घरातल्या मोठ्या माणसांच्या फोनमध्ये एकदा बसून मॅन्डेट हा शब्द इंग्रजीत सर्च करून बघा, चहा होईपर्यंत होतं काम.

यूपीआयवरून चालू असेल तर गूगल पे किंवा फोनपेमध्ये आपल्या प्रोफाइलमध्ये ऑटोपे असं लिहिलेलं सापडेल, तिथे चालू असलेली सगळी मॅन्डेट दिसतात आणि रद्दही करता येतात. पण क्रम लक्षात ठेवा, आधी स्टोअरमधून सबस्क्रिप्शन कॅन्सल, मग मॅन्डेट रद्द. नुसतं मॅन्डेट तोडलं किंवा कार्ड काढून टाकलं तर स्टोअरच्या हिशेबात सबस्क्रिप्शन जिवंतच असतं, पैसे मिळाले नाहीत म्हणून ते काही दिवस अडकून राहतं, आणि तेवढ्यात तुम्ही दुसऱ्या कशासाठी तरी नवीन कार्ड जोडलंत की त्यातून वसुली होऊ शकते. कार्ड ब्लॉक करून नवीन मागवणं हा तर भलताच लांबचा रस्ता आहे, त्यात लाइट बिलापासून सगळं नव्याने जोडावं लागतं.

आणखी एक जागा जी सुटते ती म्हणजे गेमची स्वतःची वेबसाइट. सबस्क्रिप्शन तिथून घेतलेलं असेल तर ते प्ले स्टोअरच्या यादीत येणारच नाही, ते वेबसाइटवर लॉगिन करूनच बंद करावं लागतं. रोब्लॉक्स या गेमचं सबस्क्रिप्शन हे त्याचं उदाहरण, मुलं ते कॉम्प्युटरवरून घेतात आणि आईवडील फोनमध्ये शोधत बसतात.

मुलांचं निघालंच आहे तर पास आणि सबस्क्रिप्शन यातला फरक समजून घ्या, यावरून घराघरात उगाच भांडणं होतात. क्लॅश ऑफ क्लॅन्समधला गोल्ड पास घेतला की तो त्या सीझनपुरता, पुढचा आपणहून घेतला तरच पैसे जातात. बीजीएमआय, म्हणजे बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया, त्याच्या रॉयल पासचंही तसंच. डायमंड, कॉइन्स, गोल्ड बार हे सगळं एकदाचं. पण ज्याच्या किमतीपुढे दर आठवडा किंवा दर महिना असं लिहिलंय आणि खाली रिन्यू हा शब्द आहे ते आपोआप पुन्हा पुन्हा जाणार. माझ्या भाच्याने एकदा छातीठोकपणे सांगितलं की मावशी हे एकदाचंच आहे, आणि त्या पोराची काही चूक नव्हती, स्क्रीनवर दोन्ही बटणं एकाच रंगाची, शेजारी शेजारी. त्याच्या फोनवर आता प्रत्येक खरेदीला पासवर्ड मागायचं सेटिंग चालू केलंय आणि फॅमिली लिंक हे मुलांच्या फोनवर लक्ष ठेवायचं गूगलचं ॲप लावलंय, म्हणजे खरेदीची विनंती त्याच्या आईच्या फोनवर जाते. आयफोन असेल तर फॅमिली शेअरिंगमध्ये आस्क टू बाय म्हणून तीच सोय आहे.

आठवड्याच्या दराबद्दल माझा खरंच संताप होतो. समजा १९९ रुपये आठवड्याला. ऐकायला काय, दोघांनी हॉटेलात बसून नाश्ता केला तरी जातील एवढे. पण वर्षाचे ५२ आठवडे, म्हणजे १०,३४८ रुपये, पत्त्यांच्या एका गेमचे! त्याच्यापुढे ॲपल आर्केड २०१९ मध्ये भारतात आलं ते महिन्याला ९९ रुपयांत शेकडभर गेम घेऊन, आणि गूगलचा प्ले पासही २०२२ मध्ये इथे आला तो महिन्याला ९९ नाहीतर वर्षाला ८८९ रुपयांत. म्हणजे परवडेल अशा दरात विकता येतं. पैसे देऊन गेम खेळायला माझी अजिबात ना नाही, ज्यांनी तो बनवला त्यांना पैसे मिळालेच पाहिजेत, पण मग महिन्याचा किंवा वर्षाचा दर समोर मोठ्या अक्षरात लिहा, लोक ठरवतील घ्यायचं का नाही ते. आठवड्याचा आकडा पुढे करणाऱ्यांना तो लहान दिसावा असंच वाटत असतं.

आणि सबस्क्रिप्शनमध्ये लोकांना अडकवणं चुकीचं आहे हे फक्त माझं मत नाही, सरकारनेही ते चुकीचं ठरवलंय. ३० नोव्हेंबर २०२३ ला केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणाने डार्क पॅटर्नबद्दल, म्हणजे ॲप आणि वेबसाइटवरच्या फसव्या मांडणीबद्दल, मार्गदर्शक सूचना काढल्या, त्यात फसवणुकीचे १३ प्रकार नावानिशी दिलेत आणि त्यातला एक सबस्क्रिप्शन ट्रॅप आहे. बंद करायची प्रक्रिया लांबलचक किंवा अशक्य करून ठेवणं, रद्द करायचं बटण लपवणं, फ्री ट्रायलसाठी आधीच पैसे कापायची परवानगी मागणं, हे सगळं त्यात येतं. शेवटचं पुन्हा वाचा, फ्री ट्रायलला पेमेंटची माहिती किंवा ऑटो डेबिटची परवानगी मागणं. आपल्याला ते इतकं अंगवळणी पडलंय की त्यात काही वावगं आहे हेच जाणवत नाही.

एक अफवाही खोडून काढते. २०२५ च्या ऑगस्टमध्ये ऑनलाइन गेमिंगचा कायदा आला तेव्हा आमच्या कट्ट्यावर दोघातिघांनी सांगितलं की आता गेमचे पैसे कापणं आपोआप बंद होणार. तो कायदा पैसे लावून खेळायच्या गेमवर बंदी आणणारा आहे, पत्ते जुळवणं किंवा कोडी सोडवणं असल्या साध्या गेमना सबस्क्रिप्शन घ्यायला त्यात मोकळीक आहे. म्हणून आपलं आपण बंद करायचं.

गेलेले पैसे परत मिळतात का, तर लवकर हालचाल केली तर शक्यता असते. प्ले स्टोअरवर खरेदीला ४८ तास व्हायच्या आत रिफंडची विनंती करता येते, त्यानंतर सहसा गेम बनवणाऱ्यांशी बोलायला सांगतात, त्यांचा मेल स्टोअरमधल्या गेमच्या पानावर दिलेला असतो. ॲपलचं रिपोर्ट अ प्रॉब्लेम म्हणून वेगळं पान आहे, तिथे खरेदी निवडून कारण लिहायचं. काकूंना शेवटच्या हप्त्याचे पैसे मिळाले, त्याच्या आधीचे नाही.

तरीही कोणी दाद देत नसेल तर १९१५ ला फोन करा, ही राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन आहे आणि मराठीत बोलता येतं. फोन करायच्या आधी तीन गोष्टी समोर ठेवा, पावतीचा ऑर्डर नंबर, पैसे गेल्याची बँकेतली नोंद, आणि त्या ट्रायलच्या किंवा कॅन्सलच्या स्क्रीनचा स्क्रीनशॉट. स्क्रीनशॉट बंद करतानाच काढून ठेवा, कारण नंतर तीच स्क्रीन परत दिसेल याचा भरवसा नसतो. काकूंची तक्रार आम्ही घरी बसूनच केली, त्यांनी स्वतः बोलून केली, मी फक्त नंबर वाचून दाखवत होते, आणि मुलालाही मग त्यांनी स्वतःच फोन करून सगळं सांगितलं.