सफरचंद, जर्दाळू आणि संत्रे

'पोएट्री' या चित्रपटात कवितेच्या वर्गातले शिक्षक खिशातून एक सफरचंद काढतात आणि विचारतात, की आजवर तुम्ही हे किती वेळा पाहिले आहे? मग स्वतःच सांगतात, की एकदाही नाही. (ही भूमिका किम योंग-तेक या खऱ्याखुऱ्या कवीनेच केली आहे.) घरी गेल्यावर वर्गातली आजीबाई मी-जा सफरचंद निरखून पाहते, पण थोड्याच वेळात ते बघण्यापेक्षा खाण्यातच मजा आहे, असा निकाल देऊन चावा घेते. ली चांग-डोंग या दक्षिण कोरियन दिग्दर्शकावर माझा जीव जडला तो या चाव्यामुळे.

1954 साली देगू येथे जन्मलेल्या लींनी कोरियन साहित्याचे शिक्षण घेतले, शाळेत शिकवले आणि कथा-कादंबऱ्या लिहिल्या. चित्रपटात ते आले चाळिशीच्या उंबरठ्यावर, दिग्दर्शक पार्क क्वांग-सू यांचे पटकथाकार आणि सहायक म्हणून. त्यांचा स्वतःचा पहिला चित्रपट, 'ग्रीन फिश', 1997 चा. तेव्हापासून 2018 पर्यंत त्यांनी पूर्ण लांबीचे अवघे सहा चित्रपट केले, आणि त्यांतला शेवटचा तर आठ वर्षांच्या अंतराने आला. सावकाश काम करण्याची लेखकाची ही सवय त्यांच्याकडून सुटली नाही, आणि सुटली नाही हेच बरे झाले.

दुसरा चित्रपट 'पेपरमिंट कँडी' रेल्वेच्या पुलावर सुरू होतो. समोरून गाडी येत असताना योंग-हो हा माणूस 'मला परत जायचे आहे' असे ओरडतो, आणि तिथून कथा 1999 पासून 1979 पर्यंत सात प्रकरणांत उलटी चालत जाते. दोन प्रकरणांच्या मध्ये रुळांचे दृश्य येते. गाडी पुढे चालली आहे असे वाटते, आणि मग लक्षात येते की गळालेल्या पाकळ्या झाडावर परत चढत आहेत. मे 1980 मध्ये लष्कराने चिरडलेल्या ग्वांगजू शहरातल्या उठावापर्यंत आपण पोहोचतो तेव्हा योंग-हो लष्करात आहे. त्याची मैत्रीण खाण्याच्या गोळ्यांच्या कारखान्यात काम करते आणि पत्रातून एकेक पेपरमिंट पाठवते. त्याने डब्यात जपून ठेवलेल्या त्या गोळ्या अचानक निघालेल्या हुकमाच्या धांदलीत जमिनीवर सांडतात आणि बुटांखाली चिरडल्या जातात. पुढे हा माणूस पोलिसांत जाऊन कैद्यांचा छळ करणार आहे, हे आपण आधीच पाहिलेले असते, त्यामुळे त्या गोळ्या बघवत नाहीत.

'ओएसिस'साठी 2002 साली व्हेनिसला दिग्दर्शनाचे पारितोषिक मिळाले, आणि पुढच्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष रो मू-ह्युन यांच्या सरकारात ली संस्कृतिमंत्री झाले. जेमतेम सव्वा वर्षात ते पद सोडून ते बाहेर पडले. मंत्रिपदानंतरचा पहिला चित्रपट 'सीक्रेट सनशाइन' (2007). त्यात मुलाच्या खुन्याला क्षमा करण्यासाठी आई मोठ्या निश्चयाने तुरुंगात जाते, तर तो शांत चेहऱ्याने सांगतो की देवाने मला आधीच क्षमा केली आहे. तिच्या हातात द्यायला काहीच उरत नाही. जोन दो-योन या अभिनेत्रीला कान्सचे पारितोषिक मिळाले ते याच भूमिकेसाठी.

'पोएट्री'ची पटकथा सरकारी अर्थसाहाय्यासाठी गेली असता एका परीक्षकाने तिला शून्य गुण दिले. 2010 साली कान्सला पारितोषिक मिळाले ते नेमके पटकथेचे. मी-जाच्या नातवाने आणि त्याच्या मित्रांनी केलेल्या अत्याचारामुळे एका मुलीने जीव दिला आहे, आणि प्रकरण मिटवण्यासाठी त्या मुलीच्या शेतकरी आईची समजूत घालायला मी-जाला पाठवले जाते. वाटेत तिला पडलेला जर्दाळू दिसतो. शेतात ती त्या आईशी फळांविषयी भरभरून बोलते, निरोप घेते, आणि परतताना तिला आठवते की आपण कशासाठी आलो होतो. सफरचंदाचा धडा तिला इथे, नको त्या क्षणी साधतो.

जपानी लेखक हारुकी मुराकामींच्या कथेवरून केलेल्या 'बर्निंग'मध्ये (2018) एक मुलगी नसलेले संत्रे सोलून खाण्याचा अभिनय करते आणि सांगते, की ते आहे असे समजायचे नाही, ते नाही हे विसरायचे. पुढे ती मुलगीच नाहीशी होते. तिला शोधणारा जोंग-सू होतकरू लेखक आहे; अखेरीस तो तिच्या रिकाम्या खोलीत बसून टंकलेखन करताना दिसतो, आणि त्यानंतर जे रक्तरंजित दृश्य येते ते घडलेले आहे की त्याने नुकतेच लिहिलेले, हे ली आपल्याला सांगत नाहीत.