क्रूड पडलं, बादली नाही पडली

नागपूरजवळ वाडीला माझं इंजिन ऑइलचं दुकान आहे. आजूबाजूला सगळे ट्रान्सपोर्टवाले. 2020 च्या एप्रिलात अमेरिकेत क्रूडचा, म्हणजे कच्च्या तेलाचा, भाव शून्याखाली गेला, तेव्हा आमचं शटर बंद होतं. उघडल्यावर एक जुने गिऱ्हाईक आले, पाच ट्रकांचे मालक. काउंटरवर हात टेकवून म्हणाले, "काय जी, क्रूड फुकट झालं म्हणतेत, मग तुमची ऑइलची बादली काऊन नाही उतरली?"

तेव्हा हसून वेळ मारून नेली. खरं कारण असं की ऑइलमध्ये बहुतांश बेस ऑइल, म्हणजे मूळ तेल असतं, आणि ते क्रूडच्या ज्या जड भागातून निघतं त्याच भागातून रिफायनरी डिझेलही काढू शकते. पैसा जिकडे जास्त, माल तिकडे. लॉकडाऊनमध्ये डिझेल आणि विमानाचं इंधन खपेना, रिफायनऱ्या कमी चालल्या, बेस ऑइलही आटलं. 2021 मध्ये भाव चढतच गेले. पुढच्या वर्षी युक्रेनचं युद्ध, डिझेलची चणचण, पुन्हा तेच. आपल्याकडचं बरंचसं बेस ऑइल कोरिया वगैरेहून जहाजानं येतं, म्हणजे डॉलर आलाच. ॲडिटिव्हचा, म्हणजे त्यात मिसळायच्या रसायनांचा, धंदा तर जगात मुख्यतः चौघांच्या हातात: लुब्रिझॉल, इन्फिनियम, ॲफ्टन आणि शेव्हरॉन ओरोनाइट. त्यांनी दर वाढवला की डब्यावर नाव कोणाचंही असो, वाढतोच. वर 18 टक्के जीएसटी.

गिऱ्हाइकाला न दिसणारा खर्च वेगळाच आहे: झाकणाखालचं कूपन. ते मिस्त्रीचं. पैसे मात्र गाडीवाल्याच्या खिशातून जातात. कंपन्यांना मी दोष देत नाही. डब्यावरचा ग्रेड 20डब्ल्यू-40 की 10डब्ल्यू-30 हे किती जण वाचतात? मिस्त्री म्हणेल तो डबा. चांगला मिस्त्री असला तर ठीक, नाहीतर कूपन मोठं म्हणून स्कूटरसाठीचं जास्त निसरडं एमबी ऑइल बाइकमध्ये ओतलं जातं आणि मग त्याच ऑइलात चालणारा क्लच घसरतो. रिकामा डबा मी भोक पाडल्याशिवाय भंगारात देत नाही. नकली माल भरून परत येतो तो.

पण खरी चिंता भावाची नाही, लिटरची आहे. बाबांच्या वेळी दुकानाच्या कोपऱ्यात 210 लिटरचं बॅरल आणि हातपंप असायचा, माप लावून सुटं ऑइल विकायचे. ऑइल बदलायला वर्षातून चार-पाचदा येणारा ट्रक आता एखाददुसऱ्यांदा येतो, कारण इंजिनं सुधारली आणि ऑइलही. आमचा माल जितका चांगला, तितकी आमची विक्री कमी! ऑटोवाले तर ई-रिक्षा घेऊन मोकळे झाले. त्यांना इंजिन ऑइल लागतच नाही.

बॅरलच्या कोपऱ्यात आता डीईएफच्या बादल्या आहेत. बीएस-6 ट्रकचा धूर साफ करायला लागतं ते, पाण्यात 32.5 टक्के युरिया. ड्रायव्हर नुसतं 'युरिया'च म्हणतात. म्हणून मीही बाहेर पाटीवर तेच लिहिलं.

मागच्या पावसाळ्यात कळमेश्वरकडचे एक काका पाटी वाचून आत आले. "किती पोते आहेत, भाऊ?"

मी बादली दाखवली. त्यांनी ती हलवून पाहिली, आतलं पाणी डुचमळलं. "हा तं पातळ झाला जी," म्हणाले, "पावसात ठेवला होता का?"