तुम्ही विचारलंत म्हणून: अठ्ठेचाळिशीत सत्तरीचा म्हातारा

‘डॅड्स आर्मी’ या दुसऱ्या महायुद्धातल्या हौशी गावरक्षक पलटणीवरच्या ब्रिटिश विनोदी मालिकेत म्हातारा कॉर्पोरल जोन्स करणारा नट तेव्हा खरंच म्हातारा होता का, आणि नसेल तर त्याला ते जमलं कसं, हे हमखास विचारलं जातं. नव्हता. क्लाइव्ह डनचा जन्म १९२० चा. १९६८ मध्ये बीबीसीवर मालिका सुरू झाली तेव्हा तो ४८ वर्षांचा होता. त्याच पलटणीत गॉडफ्रे झालेले अर्नल्ड रिडली ७२ वर्षांचे आणि फ्रेझर झालेले जॉन लॉरी ७१ वर्षांचे. त्यामुळे पडणं, लटकणं, धावाधाव ही सगळी कामं पडद्यावरच्या म्हाताऱ्याच्या, म्हणजे डनच्याच वाट्याला यायची.

पांढरे केस, मिशी आणि गोल चष्मा, एवढ्याने म्हातारपण येत नाही. आपल्याकडे एकांकिका स्पर्धांत केसांना पावडर लागते, हातात काठी येते, आणि मग पाठ, हात, आवाज सगळंच एकदम थरथरायला लागतं. दोन मिनिटांत प्रेक्षकाला त्याची सवय होते आणि पुढे हसू येत नाही. डनने उलटं केलं. त्याचा जोन्स उत्साही, चपळ, सगळ्यांच्या आधी हात वर करून स्वतःला पुढे करणारा. उशीर फक्त एकाच जागी: हुकूम ऐकणं आणि तो अंगात उतरणं, यांच्या मधे.

कवायतीचा प्रसंग बघा. पलटणीचा प्रमुख कॅप्टन मॅनरिंग ‘सावधान’चा हुकूम देतो. सगळ्यांचे बूट एकदम आपटतात. शांतता. मग एकट्या जोन्सचे बूट. ही शांतता जरा कमी पडली तर नट चुकला असं वाटतं, जास्त झाली तर ताण सुटतो. शिवाय बाकीच्यांचे बूट अगदी एका ठोक्यात पडायला हवेत. तिथे ढिलाई झाली तर जोन्सचा उशीर त्या गोंगाटात विरून जातो. म्हणजे एकट्याचा विनोद बाकीच्यांच्या शिस्तीवर उभा. स्टुडिओतलं चित्रीकरण प्रेक्षकांसमोर व्हायचं, हशाही तिथलाच, त्यामुळे हे टायमिंग तालमीतच पक्कं करून यावं लागे. ‘घाबरू नका!’ हे त्याचं पालुपदही याच जातीचं. तोंड धीर देतंय आणि पाय सैरावैरा धावताहेत. दोन्ही घाबरले तर विनोद संपला.

ही हातोटी एका रात्रीत आली नव्हती. १९६० पासून ‘बूटसी अँड स्नज’ या विनोदी मालिकेत तो चाळिशीतच म्हातारा जॉन्सन करत होता. त्याआधी महायुद्धात ग्रीसमध्ये पकडला जाऊन त्याने चार वर्षं ऑस्ट्रियात युद्धकैदी म्हणून काढली होती. सैनिकी शिस्त त्याने आतून पाहिलेली, हे त्या कवायतीत दिसतं, असं माझं मत.

शिक्का मात्र बसला तो बसलाच. ‘ग्रँडॅड’ हे आजोबांचं गाणं ९ जानेवारी १९७१ ला, नेमकं त्याच्या ५१ व्या वाढदिवशी, ब्रिटनमध्ये पहिल्या क्रमांकावर गेलं आणि तीन आठवडे तिथे राहिलं. ‘डॅड्स आर्मी’ ८० भागांनंतर १९७७ मध्ये थांबली, तरी १९७९ पासून मुलांच्या मालिकेत तो पुन्हा आजोबाच. खरी सत्तरी आली तोवर तो काम सोडून पोर्तुगालला स्थायिक झालेला होता. २०१२ मध्ये, ९२ व्या वर्षी, तो तिथेच वारला.