ग्रबावित्सा: सारायेव्होत नदीच्या पलीकडे

बोस्नियाची राजधानी सारायेव्होत आलेले बहुतेक पर्यटक बाश्चार्शियाच्या जुन्या बाजारात चेवापी (खिम्याचे छोटे कबाब) खातात, लॅटिन पुलावर फोटो काढतात आणि मोस्तारची बस धरतात. यास्मिला ज्बानिच यांचा ‘ग्रबावित्सा’ हा चित्रपट पाहून आला असाल, तर त्याच नावाच्या वस्तीकडे जायला लॅटिन पुलापासून नदीकाठाने पश्चिमेकडे चालायला लागा. स्केंदेरियाचं क्रीडा-संस्कृती केंद्र मागे पडलं की व्रबान्या पूल येतो. ५ एप्रिल १९९२ ला युद्धाच्या अगदी सुरुवातीला सुआदा दिल्बेरोविच आणि ओल्गा सुचिच या दोघी इथे गोळ्या लागून मरण पावल्या; पुलाला आता त्यांचं नाव आहे. चालायचं नसेल तर ऑस्ट्रिया चौकातून १०३ नंबरची ट्रॉलीबस थेट वस्तीतून जाते.

वस्तीत बघायला म्हणाल तर फारसं काही नाही. युगोस्लाव्ह काळातल्या उंच इमारती, तळमजल्यावर बेकऱ्या नि कॅफे, झेल्येझ्निचार क्लबचं फुटबॉल मैदान. १९९२ ते १९९६ बोस्नियन सर्ब सैन्याने शहराला वेढा घातला होता, त्या काळात हा भाग त्याच सैन्याच्या ताब्यात होता; तो शहराला मार्च १९९६ मध्ये परत मिळाला. वरच्या टेकडीवर ज्यू दफनभूमी आहे. स्नायपर तिथूनच नेम धरायचे. वर जाऊन खाली पाहिलं की शहर बंदुकीच्या किती टप्प्यात होतं ते कळतं.

चित्रपटात मात्र एकही लढाई नाही. बारा वर्षांच्या साराची शाळेची सहल निघते, खर्च २०० युरो, म्हणजे साधारण ३९१ बोस्नियन मार्क. वडील शहीद असल्याचा दाखला आणला तर सवलत. सारा आईच्या मागे लागते, ‘दाखला आण’. आई दाखल्याऐवजी पैसेच जमवत फिरते, नाइटक्लबात रात्रपाळी करते. का, ते साराला फार उशिरा कळतं आणि फार वाईट रीतीने. युद्धानंतर वाढणाऱ्या मुलांचं जगणं दाखवायला मला ही युक्ती पडक्या घरांच्या शंभर शॉट्सपेक्षा भारी वाटते. वर्गातली मुलंही बापांच्या मरणावरून एकमेकांना जोखतात. २००६ च्या बर्लिन महोत्सवात चित्रपटाला सुवर्ण अस्वल मिळालं. त्याच वर्षी युद्धातल्या लैंगिक अत्याचारपीडित स्त्रियांना फेडरेशनच्या (बोस्नियाच्या दोन घटकांपैकी सारायेव्हो ज्यात येतं त्याच्या) कायद्याने नागरी युद्धपीडित म्हणून मान्यता दिली. त्या मागणीच्या मोहिमेला चित्रपटाचं बळ होतं.

लोगाविना रस्त्यावरचं युद्धबालपण संग्रहालय (२०१७ पासून) यासोबतच बघावं. युद्धात मोठ्या झालेल्यांनी दिलेल्या वस्तू आणि शेजारी त्यांच्याच शब्दांतला छोटा मजकूर, बस्स. बॅलेचे बूटही आहेत. मजकूर वाचायचा असतो, त्यामुळे बंद व्हायच्या तासभर आधी घुसलात तर अर्धंही होत नाही.

कधी जावं? ऑगस्टात फिल्म फेस्टिव्हल असतो, खोल्या महागतात. चित्रपटातला हिवाळी उजेड हवा तर डिसेंबर-जानेवारी. पण शहर खोऱ्यात असल्याने थंड हवा तळाशी अडकते, धूर वर जात नाही आणि धुरक्याने घसा धरतो. अशा दिवशी केबल कारने शहरालगतच्या ट्रेबेविच डोंगरावर जावं, अनेकदा वर ऊन असतं. वर आखलेली वाट मात्र सोडू नका. देशात युद्धातले सुरुंग अजून पूर्ण काढलेले नाहीत आणि पाट्या बर्फाखाली जातात. खासगी घरात उतरणार असाल तर मालकाला पोलिसांकडे तुमची नोंद करायला सांगा. हॉटेलवाले ती स्वतःच करतात.