राग येत नाहीये

धाकटीने पाठवलेला फोटो दिवसभर डोक्यातून जात नाहीये. आखूड स्कर्टमधली अमेरिकन बेसबॉल खेळाडू, मातीवर घसरून सोललेली मांडी, तळहाताएवढी जखम. खाली धाकटीचा शेरा: ‘काय काय सोसायला लावायचे बघ!’ तिच्यासारखी चीड यायला हवी. आला तो हेवा.

१९४३ ची गोष्ट. बेसबॉलचे खेळाडू युद्धावर जायला लागले, तेव्हा मैदानं ओस पडतील या धास्तीने च्युइंगमवाल्या रिग्लींनी बायकांची लीग काढली. रॉकफर्ड, साउथ बेंड, रसीन, केनोशा, असे पहिल्या वर्षी चार संघ. आठवड्याला ४५ ते ८५ डॉलर. वर जाच हा की लिपस्टिक हवीच, दिवसभर सराव करून संध्याकाळी चालण्या-बसण्याची शिकवणी, आणि मुक्कामाला नजर ठेवायला एक बाई. एकीने केस आखूड कापले, तर तिला घरी पाठवलं. काळ्या मुलींना तर दारच बंद. त्याबद्दल काय बोलणार.

सगळं वाचलं, तरी हेवाच. खेळायचे पैसे! आम्हाला साताऱ्याच्या स्पर्धेनंतर आई म्हणाली, ‘आता पुरे.’ पुढे हे, सासूबाई... जाऊ दे. गुडघ्यावर खो-खोचा एक व्रण आहे, तोही साडीखाली. त्याचा फोटो कोण काढणार?

त्यांच्यातली सोफी कुरीस. १९४६ च्या एका मोसमात २०३ वेळा बेस चोरायला, म्हणजे चेंडू टोलवला जायची वाट न बघता पुढच्या ठाण्याकडे, धावली, २०१ वेळा पोचली. त्याच स्कर्टमध्ये. बेसबॉलमधलं मला ओ की ठो कळत नाही, पण हुलकावणी देऊन सुटताना पोटात काय होतं ते कळतं. इथे हेवा जरा जास्तच झाला.

मग मेथी निवडताना स्वतःलाच विचारलं, तू लावली असतीस लिपस्टिक? लावली असती. दोन थर! आणि कसं चालावं, कसं बसावं, मोठ्याने हसू नये, हे आत्याने शिकवलंच की, तेही फुकट. शिकवणी तीच. मैदान तेवढं मिळालं नाही.

पुरुष परत आले तरी त्यांची लीग १९५४ पर्यंत टिकली. आमची दहावीला आटोपली, आणि परीक्षेत मार्क तरी कुठे पडले!