अखेर डुत निघाला

रविवारी रात्री साडेदहाला माझ्या डग्ग्यावर पहिल्यांदा डुत निघाला, इंडोनेशियातल्या ‘डांगडुत’ या लोकप्रिय संगीतातला ढोलाचा बोल. अगदी खरा, तोंड मिटलेला डुत. लगेच सात वेळा वाजवून पाहिला, त्यातले पाच नीट पडले. तो निघत नाही म्हणून मागच्या नोंदीत मी डग्ग्यालाच दोष दिला होता, तो आता मागे घेते.

पाच आठवडे अडले होते ते नेमकं इथे. डग्ग्यावर बोट मारून मनगट पुढे सरकवलं की सुंदर घिस्सा निघतो, पण तो आपला घिस्सा. पुढच्या मात्रेपर्यंत घुमत राहणारा. डांगडुतचा गाजलेला गायक रोमा इरामा, त्याच्या सोनेता ग्रुपची १९७० च्या दशकातली गाणी लावा. तिथला डुत वर चढतो आणि चढता चढताच बंद होतो. माझं वाजवणं मोबाइलवर टेप करून दोन्ही पाठोपाठ ऐकलं, तेव्हा फरक कानाला टोचला. मग कातडं ताणणारी वादी ओढली, तिच्याखालचे गठ्ठे ठोकले, पुडीच्या (वरच्या कातड्याच्या) कडेला रुमाल गुंडाळला, मधोमध कणीकही लावून पाहिली. घुमारा गेला, पण त्याच्याबरोबर चढही गेला. उरला नुसता ठप्प आवाज.

उत्तर नावातच होतं. ‘डांगडुत’ हे नाव वाद्याच्या आवाजावरूनच पडलेलं. आपण ढोलकीला ‘धुम’ म्हणतो, त्यातला म ओठ मिटले तरी गुणगुणत राहतो. ‘डुत’ म्हणून बघा. जीभ दातांना टेकते आणि आवाज तिथेच तुटतो. म्हणजे हातानेही तेच करायला हवं. मधल्या दोन बोटांनी आघात, मनगट शाईच्या (कातड्यावरच्या काळ्या गोलाच्या) कडेपर्यंत जेमतेम दोन बोटं पुढे, आणि तिथे पोचताक्षणी तीच बोटं पुन्हा कातड्यावर टेकून तशीच ठेवायची. उचलायची नाहीत. बारा वर्षं तबला शिकताना ‘बोल खुला ठेव, बोट उचल’ हेच अंगात मुरलेलं, त्यामुळे टेकलेलं बोट टेकलेलंच ठेवायला फार जड गेलं.

दुसरी चूक जागेची. नाव डांग-डुत, म्हणून मी डांग समेवर, म्हणजे पहिल्या मात्रेवर घेत होते. खरं तर डांग चौथ्या मात्रेवर पडतो आणि डुत पुढच्या समेवर. डांग हा उचल आहे. ‘दोन, तीन, डांग, डुत’ असं तोंडाने म्हणत वाजवलं आणि मान आपोआप डुतवर खाली आली. त्या क्षणी केहरवा तालाची सवय सुटली.

ही सवय इतकी चिवट का, तेही कळलं. हे वाद्य आपलं नातेवाईकच आहे. १९५० च्या दशकात तिकडचे ओर्केस मेलायू (मलय गाण्यांचे वाद्यवृंद) हिंदी सिनेमाच्या चाली उचलत होते, आणि गायिका एल्या खादामच्या गाजलेल्या गाण्याचं नावच ‘भारतातली बाहुली’. डांगडुतची वाद्यजोडी तबल्या-डग्ग्यावरूनच बेतलेली, त्यामुळे हाताला आपण घरीच आहोत असं वाटतं. पण त्यांच्या कातड्याला शाई नसते, आणि घुमाऱ्याचा सगळा फरक तिथे.

म्हणून मंगळवारी पुडी भरणाऱ्या काकांकडे गेले. (ऑनलाइन मागवलेली तयार पुडी पुन्हा घेणार नाही, आठ दिवसांत कडेची चाट सुटली. समोर बसून भरून घेतलेल्या पुडीला तोड नाही.)

“काका, डग्ग्याची पुडी हवी, पण शाई न भरता.”

“शाई नको? अगं, आवाज लगेच मरेल तिचा.”

“तोच तर हवाय.”

त्यांनी कोऱ्या कातड्यावर टिचकी मारली, कान जवळ नेला आणि म्हणाले, “मग जरा जाड घे.” शनिवारी मिळणार आहे.

आता बेत. १७ ऑगस्ट २०२२ ला, इंडोनेशियाच्या स्वातंत्र्यदिनी, जकार्ताच्या राजवाड्यात छोट्या फारेल प्रायोगाच्या गाण्यावर मंत्रीसुद्धा नाचले होते. यंदा त्याच तारखेपर्यंत त्या गाण्याला साथ करायची असं ठरवलं होतं. पण ते कोप्लो, डांगडुतचाच एक प्रकार. पूर्व जावातली ही चाल दुप्पट वेगाची, शिवाय त्यात पश्चिम जावातल्या सुंदानी लोकांच्या जाइपोंगान या नृत्यसंगीतातल्या केंदांगचे, म्हणजे ढोलाचे, हात मिसळलेले. सुंदानी वादक मोठ्या केंदांगच्या कातड्यावर टाच दाबून स्वर चढवतात.

हे लिहितानाच लक्षात आलं की मला आधी टाचच शिकायला हवी. पण डग्ग्याला पाय लावणं माझ्याच्याने होणार नाही. ज्याला रोज नमस्कार करून बसते, त्याला टाच कशी लावू? मग जावातल्या रस्त्यावरच्या गायकांची युक्ती करते. ते पीव्हीसी पाइपच्या तुकड्यावर ट्यूबचं रबर ताणून ढोल बनवतात. टाचेचा सराव त्यावर. ऑगस्टची तारीख सोडली, दिवाळी धरते. धाकटा भाऊ सेंगाकानच्या आरोळ्या घालायला तयार झालाय. शाहिराच्या मागच्या झीलकऱ्यांसारखंच हे काम, रिकामी जागा दिसली की हाक भरायची. त्याला ती जागा माझ्याआधी सापडते.

उद्या सहा इंची पाइप आणि पंक्चरवाल्याकडून जुनी ट्यूब.